निमित्तापासून पहिल्या दगडापर्यंत

जानेवारी २०१३ मध्ये धुळ्याच्या मच्छीबाजार भागात खाण्याच्या बिलावरून हुज्जत झाली. त्यातून पेटलेल्या दंगलीत पोलिसांच्या गोळीबारात सहा जणांचा जीव गेला. सप्टेंबर २००९ मध्ये मिरजेत गणेशोत्सवाच्या एका कमानीवरच्या चित्रावरून तणाव झाला आणि तो सांगली-इचलकरंजीपर्यंत पोचला. मार्च २०२५ मध्ये नागपुरात आंदोलनात जाळलेल्या चादरीवर पवित्र आयती होत्या अशी अफवा पसरली. संध्याकाळी महाल परिसरात दगडफेक सुरू झाली आणि गाड्या पेटल्या.

अशा बातम्या वाचताना आपण म्हणतो, ‘एवढ्याशा कारणावरून?’ पण बिलावरची हुज्जत, चित्रावरची कुरबुर आणि मोबाईलवरची अफवा कोणत्या गावात नसते? बहुतेक ठिकाणी ती तासाभरात विरते. काही ठिकाणी विरत नाही. निमित्त कुठे आणि कधी घडेल यावर सामान्य नागरिकाचा ताबा नसतो. निमित्त आणि पहिला दगड यांच्यामध्ये मात्र काही तास जातात, कधी काही दिवस. त्या वेळात काय होते, हे बऱ्याच अंशी वस्तीतल्या माणसांवर अवलंबून असते. हा लेख त्या वेळाबद्दल आणि त्यासाठी आधीपासून करायच्या कामांबद्दल आहे.

निमित्त, तयारी आणि मोकळीक

धार्मिक हिंसेची कारणे शोधताना तीन गोष्टी वेगळ्या ठेवाव्यात.

पहिली निमित्त. मिरवणुकीचा मार्ग, प्रार्थनास्थळासमोरचे वाद्य, फ्लेक्स, मोबाईलवरचे स्टेटस, मुलामुलीचे प्रेमप्रकरण, जनावरांची वाहतूक, दोन वाहनांची धडक. ही यादी संपणारी नाही. वर्तमानपत्रात मथळा निमित्तालाच मिळतो.

दुसरी तयारी. आपल्यावर पिढ्यान् पिढ्या अन्याय झाला आणि आता आपण संपणार, असे दोन्हीकडे सतत सांगितले जात असते. त्यात स्थानिक स्पर्धा मिसळते : गाळे, हातगाड्यांच्या जागा, जमीन, कंत्राटे. निवडणूक जवळ आलेली असते. अमेरिकी अभ्यासक पॉल ब्रास यांनी उत्तर भारतातल्या दंगलींचा अनेक वर्षे अभ्यास केला. काही शहरांत दंगल घडवण्याची जणू कायमची यंत्रणाच असते, असा त्यांचा निष्कर्ष आहे. कुरबुरीला धार्मिक रंग देणारा, जमाव गोळा करणारा आणि नंतर ‘लोकांचा उत्स्फूर्त संताप’ असे समर्थन करणारा, अशी कामे त्यात वाटलेली असतात. स्टीव्हन विल्किन्सन यांनी निवडणुका आणि दंगली यांचा संबंध तपासला. सत्ताधाऱ्यांना अल्पसंख्याकांच्या मतांची किंवा त्यांच्यावर अवलंबून असलेल्या मित्रपक्षांची गरज असते, तिथे पोलिसांना दंगल रोखण्याचे स्पष्ट आदेश मिळतात, असे त्यांना दिसले.

तिसरी मोकळीक. ‘काही होणार नाही’ याची खात्री असल्याशिवाय शंभर माणसे भर रस्त्यात दुकान फोडत नाहीत. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मधल्या मुंबईच्या दंगलींत ९०० माणसे मेल्याची नोंद न्या. बी. एन. श्रीकृष्ण आयोगाने केली. त्यात ५७५ मुस्लिम आणि २७५ हिंदू होते. आयोगाचा अहवाल १९९८ मध्ये जाहीर झाला. बेपत्ता झालेल्यांच्या वारसांना भरपाई द्या, हे सर्वोच्च न्यायालयाला नोव्हेंबर २०२२ मध्येही सांगावे लागले. न्यायाला तीस वर्षे लागली, तर पुढच्या दंगलखोराला त्याचा अर्थ नीट कळतो.

निमित्त रोज घडते. तयारी आणि मोकळीक दोन्ही असतील तेव्हाच दंगल होते. म्हणून उपायही या दोहोंवर हवा.

धर्माचा वाटा किती?

‘दंगलीचा धर्माशी काही संबंध नसतो, सगळे राजकारण असते,’ हे वाक्य सभेत टाळ्या घेते, पण श्रद्धाळू माणसाला पटत नाही. त्याचे दुखणे खरे असते. देवाची विटंबना झाली, ग्रंथ जाळला असे कळताच त्याच्या पोटात जे ढवळून निघते, ते कुठल्या पुढाऱ्याने शिकवलेले नसते. धर्म माणसाला आपली माणसे देतो, अभिमान देतो आणि त्यागाची तयारीही देतो. हिंसा घडवणारा नेमके हेच भांडवल वापरतो. एका अनोळखी माणसाच्या कृत्याची जबाबदारी तो अख्ख्या समाजावर टाकतो आणि सूड हे कर्तव्य असल्याचे सांगतो.

त्यामुळे दुखावलेल्या माणसाशी बोलताना ‘एवढं काय त्यात?’ असे कधीही म्हणू नका. ‘तुम्हाला वाईट वाटलं ते बरोबर आहे. ज्यानं केलं त्याच्यावर गुन्हा नोंदवू, मी सोबत येतो. पण त्या गल्लीतल्या शिंप्याचा यात काय दोष?’ असे म्हणा. श्रद्धेचा मान राखून जबाबदारी व्यक्तीपुरती ठेवणे, हा या कामाचा गाभा आहे. हे ज्या त्या धर्मातल्या मानाच्या माणसाने सांगितले तर जास्त पोचते. गावातले कीर्तनकार, मौलाना, भंते, धर्मगुरू यांच्याशी शांततेच्या दिवसांत ओळख हवी ती यासाठी.

भिवंडीत काय झाले?

भिवंडीचे नाव दंगलीशी जोडले गेले ते मे १९७० मध्ये. शिवजयंतीच्या मिरवणुकीनंतर तिथे दंगल झाली आणि लोण जळगाव-महाडपर्यंत गेले. न्या. डी. पी. मादन आयोगाने त्याची चौकशी केली. मे १९८४ मध्ये भिवंडी, ठाणे आणि मुंबई पुन्हा पेटली आणि या पट्ट्यात अडीचशेच्या वर माणसे मेली. डिसेंबर १९९२ मध्ये मुंबई जळत असताना मात्र जेमतेम तासाभरावरची भिवंडी शांत राहिली. यंत्रमागांचे हे गाव तसेच दाटीचे होते आणि जुन्या जखमाही तशाच होत्या.

मधल्या काळात एक वेगळे काम झाले होते. १९८८ मध्ये पोलीस उपायुक्त म्हणून आलेल्या सुरेश खोपडे यांनी सत्तरच्या आसपास मोहल्ला समित्या उभ्या केल्या. दोन्ही समाजांतली साधी माणसे आणि त्या भागाचा पोलीस एकत्र बसू लागले. विषय नेहमीचे असत : शेजाऱ्यांची भांडणे, टवाळखोर पोरे, रस्ता, पाणी. अशा बैठकांतून पोलिसाला माणसे नावाने कळली आणि माणसांना पोलीस कळला. अफवा आली की कोणाला विचारायचे हे माहीत झाले. खोपडे यांनी पुढे ‘मुंबई जळाली, भिवंडी का नाही?’ या पुस्तकात हा अनुभव मांडला.

अभ्यासक आशुतोष वार्ष्णेय यांचे संशोधनही याच दिशेने जाते. त्यांनी अलीगढ आणि कालिकत, हैदराबाद आणि लखनौ, अहमदाबाद आणि सुरत अशा शहरांच्या जोड्या तपासल्या. शेजारीपाजारी एकमेकांकडे जेवायला जातात, एवढ्याने मोठी शहरे वाचत नाहीत. व्यापारी संघ, कामगार संघटना, वाचनालये, क्लब अशा संस्थांत दोन्ही समाज एकत्र काम करत असतील, तर अफवेला तोंड देणारी साखळी आपोआप तयार असते. लखनौच्या चिकनच्या धंद्यात हिंदू व्यापारी आणि मुस्लिम कारागीर एकमेकांवर अवलंबून असतात. दंगल झाली तर दोघांचीही चूल विझते, हे दोघांनाही ठाऊक असते.

भिवंडीचा पुढचा अध्यायही विसरू नये. जुलै २००६ मध्ये पोलीस ठाण्याच्या बांधकामावरून तिथे पोलीस आणि जमाव यांच्यात संघर्ष झाला. गोळीबारात दोघे मेले आणि त्याच रात्री दोन पोलीस शिपायांची हत्या झाली. एकदा मिळवलेला विश्वास कायमचा राहत नाही. अधिकारी बदलतात, समितीतली माणसे थकतात. काम चालू ठेवावे लागते.

समिती कशी उभी करावी?

बहुतेक पोलीस ठाण्यांत ‘शांतता समिती’ असते. सणाआधी चहा-बिस्किटांवर तिची बैठक होते, फोटो निघतो आणि पुढच्या सणापर्यंत कोणी कोणाला भेटत नाही. तुमच्या वस्तीत हे बदलायचे असेल तर पुढील गोष्टी करून पाहा.

• दर महिन्याला भेटा आणि गटार, पार्किंग, रात्रीचे दिवे, शाळेसमोरची वाहतूक असे विषय घ्या. सामाईक कामातून ओळख पक्की होते.

• मंडळाचे कार्यकर्ते आणि मशिदीचे विश्वस्त हवेतच. त्यांच्या जोडीला रिक्षा स्टँडवरचे, बचत गटातल्या ताई, मुख्याध्यापक, दवाखान्याचे डॉक्टर, किराणा दुकानदार घ्या. स्त्रियांची संख्या नावापुरती नको. कोणत्या घरातला पोरगा हल्ली कुठे जातो, हे त्यांना आधी कळते.

• दोन्ही बाजूंच्या दहा-दहा माणसांचे फोन नंबर एकमेकांकडे असावेत आणि ती माणसे एकमेकांना आवाजावरून ओळखणारी असावीत. अडचणीच्या रात्री अनोळखी नंबरवर कोणी विश्वास ठेवत नाही.

• मुलांना खेळात एकत्र आणा, पण ‘हिंदू संघ विरुद्ध मुस्लिम संघ’ अशी मॅच लावू नका. मिश्र संघ करा. मुंबईत १९९३ नंतर ज्युलिओ रिबेरो, सतीश साहनी, सुशोभा बर्वे यांच्या पुढाकाराने मोहल्ला समिती चळवळ उभी राहिली. तिने पोलीस आणि वस्तीतली पोरे यांच्यासाठी क्रिकेट स्पर्धा भरवल्या. धारावीत भाऊ कोरडे आणि वकार खान यांनी चार धर्मांच्या वेशातल्या मुलांचे ‘हम सब एक हैं’ हे पोस्टर घरोघरी नेले. अशा पोस्टरचा उपयोग होतो, कारण ते वाटणारी माणसे वर्षभर दारात दिसत असतात.

सण आणि मिरवणूक

महाराष्ट्रातल्या अनेक दंगलींचे निमित्त मिरवणुकीत सापडते. त्यामुळे सणाच्या महिनाभर आधी दोन्ही समाजांची पंचांगे समोर ठेवून बसा. २०२३ मध्ये ईद-ए-मिलाद आणि अनंत चतुर्दशी एकाच दिवशी, २८ सप्टेंबरला आली. मुंबईतल्या मुस्लिम संघटनांनी जुलूस दुसऱ्या दिवशी काढायचे ठरवले आणि सरकारने २९ सप्टेंबरची सुट्टी जाहीर केली. पुढच्या दोन वर्षांतही हाच समजूतदारपणा दिसला. सांगली जिल्ह्यातल्या गोटखिंडीत चार दशकांहून अधिक काळ गणपती मशिदीत बसतो. पावसापासून मूर्ती वाचवण्याच्या सोयीतून हा प्रघात पडला आणि गावाने तो जपला.

तुमच्या गावात मशिदीत गणपती बसवण्याची गरज नाही. पण मिरवणुकीचा मार्ग आणि वेळ लेखी ठरवा. प्रार्थनास्थळासमोर मिरवणूक थांबवायची नाही आणि नमाजाच्या किंवा आरतीच्या वेळी तिथून जायचे नाही, हे आधी बोला. डीजेवर कोणती गाणी वाजणार याची यादी मंडळाने स्वतः तपासावी, कारण दुसऱ्या समाजाला डिवचणारे एकच गाणे दिवसभराची मेहनत वाया घालवते. कमान आणि फ्लेक्स लावण्याआधी दोघातिघांनी पाहावेत. ध्वनिक्षेपकाला रात्री दहा ते सकाळी सहा बंदी आहे, सरकारने सवलत दिलेल्या ठरावीक दिवशी रात्री बारापर्यंत मुभा असते. हा नियम सर्वांना सारखा लावला की अर्धी कुरकूर संपते. आणि दोन्ही समाजांचे स्वयंसेवक नाजूक वळणांवर एकत्र उभे करा.

हातातला मोबाईल

१ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात जमावाने पाच जणांना ठेचून मारले. ते मंगळवेढ्याकडचे भटक्या समाजातले भिक्षेकरी होते. मुले पळवणारी टोळी आल्याची अफवा मोबाईलवर फिरत होती. ही धार्मिक दंगल नव्हती, पण अफवेचे काम कसे चालते ते या घटनेने दाखवले. देशभरातल्या अशा हत्यांनंतर व्हॉट्सॲपने भारतात एका वेळी पाचच जणांना संदेश पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. जून २०१४ मध्ये पुण्यात हडपसरला एका तरुण मुस्लिम अभियंत्याला जमावाने मारले. फेसबुकवरच्या आक्षेपार्ह चित्रांमुळे शहर तापले होते आणि त्या चित्रांशी त्याचा काहीही संबंध नव्हता.

भडकाऊ संदेश आला की स्वतःला चार प्रश्न विचारा. घटना कुठली, गावाचे नाव आहे का? तारीख आहे का? पाहणारा कोण, त्याला मी ओळखतो का? आणि हा संदेश मला काय करायला सांगतोय? तारीख आणि ठिकाण नसलेला, पण ‘जागे व्हा, लगेच पाठवा’ म्हणणारा संदेश बहुतेक वेळा जुना, परक्या मुलखातला किंवा बनावट असतो. गूगलवर चित्र टाकून शोधले तर अनेकदा तेच चित्र कित्येक वर्षांपूर्वीचे निघते.

‘हे खोटं आहे बघा’ असे म्हणूनही मूळ व्हिडिओ पुढे पाठवू नका. खुलासा मागे राहतो आणि व्हिडिओ पुढे जातो. शंका असेल तर ज्या भागात घटना घडल्याचे सांगतात, तिथल्या ओळखीच्या माणसाला फोन करा आणि ‘मी आत्ता अमुक चौकातल्या माणसाशी बोललो, सगळं शांत आहे’ असा स्वतःच्या नावाने, वेळ घालून मजकूर टाका. ग्रुपचे ॲडमिन असाल तर तणावाच्या काळात ‘फक्त ॲडमिन संदेश पाठवू शकतील’ ही सोय चालू करा. डिवचणारे स्टेटस दिसले तर त्याचा स्क्रीनशॉट पोलिसांकडे द्या, चौकात दाखवू नका. कोल्हापूर जून २०२३ मध्ये अशाच स्टेटसवरून पेटले होते.

घरातला मुलगा

दगड मारणाऱ्यांत सोळा ते पंचवीस वयाची पोरे पुढे असतात आणि भाषण करणारे मागे राहतात. गुन्हा दाखल होतो तो पोरावर. मग पोलीस भरती, सरकारी नोकरी, पासपोर्ट, चारित्र्य पडताळणी, प्रत्येक ठिकाणी ती नोंद आडवी येते. हे घरात स्पष्ट बोला.

पण नुसत्या धाकाने भागत नाही. दगड मारणाऱ्यांच्या टोळीत मुलाला मान मिळतो, मित्र मिळतात, आपण कशाच्या तरी कामाचे आहोत असे वाटते. ही भूक खोटी नाही. तिला दुसरे अन्न द्यावे लागेल : तालीम, ढोलपथक, रक्तदान, आपत्तीत मदत करणारे पथक, जिथे जबाबदारीचे पद मिळेल. आणि ऐकून घ्या. ‘ते लोक असेच असतात’ असे मुलगा म्हणाला तर व्याख्यान न देता विचारा, ‘तुझ्या ओळखीतलं कोण? काय केलं त्यानं?’ बहुतेक वेळा उत्तरात कोणाचेही नाव नसते, फक्त मोबाईल असतो. हाच प्रश्न जेवताना शेरे मारणाऱ्या मोठ्यांनाही विचारायला हवा.

कायद्याचा उपयोग

मोकळीक कमी करायची तर तक्रार लेखी हवी. भारतीय न्याय संहितेत कलम १९६ धर्म, भाषा, जात यांवरून वैर पसरवण्याबद्दल आहे. कलम २९९ धार्मिक भावना जाणूनबुजून दुखावण्याबद्दल आणि कलम ३५३ शांतता बिघडवणाऱ्या खोट्या बातम्या व अफवांबद्दल आहे. पाच किंवा अधिक जणांनी मिळून जात, समुदाय, वैयक्तिक श्रद्धा अशा कारणावरून खून केला तर कलम १०३(२) लागते. द्वेषपूर्ण भाषणाबद्दल तक्रारीची वाट न पाहता, वक्त्याचा धर्म न बघता गुन्हा नोंदवा, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये सर्व राज्यांना सांगितले आहे.

तक्रारीत तारीख, वेळ, ठिकाण आणि नेमके शब्द लिहा. अखंड चित्रफीत जोडा, कापलेली नको. मूळ फोन जपून ठेवा आणि पोच घ्या. ठाण्यात गुन्हा नोंदवला नाही तर पोलीस अधीक्षकांना लेखी पाठवा, तिथेही दाद नाही मिळाली तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. एक पथ्य पाळा : आपल्या बाजूच्या वक्त्यानेही विष ओकले तर त्याच्याविरुद्धही सही करा. दोन्ही समाजांच्या माणसांनी एकाच कागदावर सह्या केलेली तक्रार बाजूला सारणे ठाण्याला जड जाते.

तणावाच्या तासांत

• ११२ वर फोन करा. जमाव कुठे आहे, किती आहे, कोणत्या दिशेला चालला आहे, एवढेच सांगा. ऐकीव गोष्टी सांगू नका.

• बघायला जाऊ नका आणि घरातल्या कोणालाही जाऊ देऊ नका. बघ्यांमुळे जमाव मोठा दिसतो आणि गोळी कोणाला ओळखत नाही. लाइव्ह व्हिडिओ करू नका.

• प्रत्येक गल्लीच्या तोंडाशी त्याच गल्लीतली वडीलधारी माणसे आणि स्त्रिया उभ्या राहू द्या. कोणी ओळखत नसेल तर पोरांना दगड मारणे सोपे जाते, ‘अरे, तू अमक्याचा ना?’ म्हटले की हात थबकतो. जमाव शस्त्रे घेऊन येत असेल तर मात्र माणसांना आत घ्या.

• वस्तीतल्या अल्पसंख्य घरांकडे आधी जा. ‘आमच्याकडे या’ असे आपणहून म्हणा, त्यांना आसरा मागायला लावू नका. दवाखान्यात नेण्यासाठी कोणाची गाडी, कोण चालवणार, हे ठरवून ठेवा.

• दोन माणसांकडे फक्त अफवा तपासण्याचे काम द्या. दर तासाला पलीकडच्या दोघांशी बोलून त्यांनी वस्तीला खरी परिस्थिती सांगावी.

१ जुलै १९४६ रोजी अहमदाबादच्या दंगलीत वसंतराव हेगिष्टे आणि रजबअली लाखाणी हे दोन मित्र जमाव शांत करायला एकत्र गेले आणि मारले गेले. ते शौर्य फार मोठे होते. पण एकेकट्याने जमावासमोर जाण्याची पाळी येऊ नये म्हणूनच समिती, फोन नंबर, ठरलेली कामे हवीत.

विझल्यानंतर

संचारबंदी उठली की काम संपत नाही. जळालेल्या दुकानाचा पंचनामा, भरपाईचा अर्ज, जखमींची कागदपत्रे यांत मदत करा. साक्ष द्यायला पुढे या आणि जो येतो त्याला एकटा पाडू नका. ‘त्यांच्याकडून काही घेऊ नका’ अशी हाक आली तर दुसऱ्याच दिवशी त्या दुकानात जा. बहिष्काराने बाजार तुटतो आणि बाजार तुटला की लोक आपापल्या वस्त्यांत सरकतात. १९९३ नंतर मुंब्र्याची वस्ती कशी वाढली ते सर्वांसमोर आहे. वेगळी राहणारी मुले एकमेकांना फक्त मोबाईलवर पाहतात, आणि पुढच्या अफवेला कसलेही उत्तर उरत नाही.

शेजाऱ्याकडे ‘तुमच्या लोकांनी निषेध का नाही केला?’ असा हिशेब मागू नका. त्याने काही केलेलेच नाही, तर त्याने खुलासा कशाचा द्यायचा?

वर सांगितलेले सगळे केले तरी प्रत्येक दंगल थांबेल, असे नाही. सरकारने डोळे मिटले तर वस्तीची ताकद अपुरी पडते, आणि म्हणूनच मत मागायला येणाऱ्याला मागच्या दंगलीतल्या खटल्यांचे काय झाले, हे विचारायला हवे. उरलेले काम आपले आहे आणि ते शांततेच्या दिवसांतच करता येते. या आठवड्यात पुढच्या दोन सणांच्या तारखा कॅलेंडरवर पाहा. पलीकडच्या वस्तीतल्या तिघांचे नंबर घ्या आणि त्यांना आपला द्या. ठाण्यात जाऊन आपल्या भागाचा अंमलदार कोण आहे ते विचारा, त्याला भेटा. आणि पहिल्या बैठकीचा विषय गटाराचा ठेवा.